मंडाईत वाजलेलं गाणं तुझं नव्हतं

एर्ना मावशी, माणसाने मेल्यावर तरी इतरांना जरा उसंत द्यावी. तू तीही दिली नाहीस.

मंडाईच्या स्मशानातल्या त्या गार हॉलमध्ये तुझी पेटी फुलांच्या मधोमध ठेवली होती आणि रेमंडने खिशातून एक सीडी काढली. रेमंड म्हणजे ज्यांच्याशी लग्न करून तू जर्मनीहून सिंगापूरला आलीस त्या लिम अंकलच्या पहिल्या बायकोचा मुलगा. त्याला तू वाढवलंस, शाळेत सोडलंस, प्रसंगी चोपलंस आणि त्याच्यासमोर स्वतःच्या सिनेमांबद्दल कधी तोंड उघडलं नाहीस. त्या बिचाऱ्याला इंटरनेटवर तुझ्या सिनेमातलं ते बंदरावरचं गाणं सापडलं होतं. त्याने बटण दाबलं. साखरेत घोळलेला तो आवाज हॉलभर पसरला आणि हौगांगच्या आपल्या ब्लॉकमधून आलेली यच्चयावत माणसं डोळे पुसायला लागली. दर शनिवारी जिच्याशी तू भांडायचीस ती बाजारातली मासेवाली तर हुंदके देत होती. माझ्या नवऱ्याने, मिलिंदने, चष्मा काढून हातात धरला. रेमंड माझ्या कानाशी येऊन म्हणाला, "दॅट्स हर, आँटी. यंग टाइम. सो स्वीट, हर वॉइस, हॉर?"

मी मान हलवली. दुसरं काय करणार होते? तो आवाज तुझा नव्हता. तो इंगेचा होता. जिचं नाव निघालं की तू बटाटे सोलायची सुरी खाली ठेवायचीस, म्हणायचीस की हातात हत्यार असताना हे नाव काढू नये, त्या इंगेचा. जिचा आवाज तुझ्या तोंडात कोंबला होता तिच्याच आवाजात तुला निरोप दिला गेला, आणि ही गोष्ट त्या हॉलमध्ये फक्त मला ठाऊक होती. असलं काहीतरी एका माणसाच्या गळ्यात बांधून निघून जायचं असतं का गं?

वर आणखी तुझ्याकडच्या एका वर्तमानपत्राने चार ओळी छापल्या. मी इंटरनेटवर वाचल्या. त्यात तुझा आवाज मखमली होता असं लिहिलंय. मखमली! तू मासेवालीला "हा कालचा आहे" म्हणायचीस तेव्हा तीन गाळे पलीकडचा कोंबडीवाला दचकायचा. पडद्यावरचं नावही छापलंय त्यांनी, कंपनीने ठेवलेलं. ते मी इथे लिहीत नाही. तुला ते आवडायचं नाही आणि मला ते कधी तुझं वाटलंच नाही.

आपली पहिली भेट आठवते? आम्ही हौगांगला नुकते राहायला आलो होतो. आपल्या जुन्या ब्लॉकची लिफ्ट सगळ्या मजल्यांवर थांबायची नाही, आणि तू भाजीच्या दोन पिशव्या घेऊन त्या लिफ्टच्या सात पिढ्यांचा उद्धार करत होतीस. जर्मनमध्ये. मी पुण्यात पाच वर्षं जर्मन शिकलेली, सिंगापुरात घरी बसून यंत्रांच्या माहितीपुस्तकांची भाषांतरं करणारी. मला वाटलं, चला, नशीब उघडलं. मी अगदी परीक्षेत बोलतात तसं विचारलं, "क्षमा करा, मी आपल्याला काही साहाय्य करू शकते का?" तू मला खालपासून वरपर्यंत बघितलंस आणि म्हणालीस, "बाप्पा! तू तं स्टेशनावरच्या घोषणेसारखी बोलून राहिली. कोनं शिकवलं वं तुले हे?"

आता हे वाचणाऱ्याला सांगायला हवं की तू मराठी बोलत नव्हतीस. पण तुझं जर्मन मराठीत उतरवायचं तर पुस्तकी मराठीत ते मावतच नाही. मी बरेच प्रयत्न केले. शेवटी नागपूरला इंदोऱ्यात माझी आई बोलते, त्याच बोलीत लिहिलं तेव्हा तू बोलतेयस असं वाटलं. रुंद, खडबडीत, 'र' जिभेच्या टोकावर खणखणीत वाजवणारं बोलणं. पुण्याच्या आमच्या बाईंनी आम्हाला गुळण्या करायला लावून तो 'र' घशात ढकलायला शिकवला होता, आणि इथे ही खरीखुरी जर्मन बाई माझ्या आईसारखा 'र' म्हणत होती. तुझ्या पूर्वेकडच्या मुलखातली माणसं युद्ध संपता संपता हाकलली गेली, गावांची नावंसुद्धा बदलली, आणि जिथे ती पोचली तिथे त्यांच्या पोराबाळांनी शाळेत हसं होऊ नये म्हणून ती बोली टाकून दिली. हे सगळं तू मला बटाटे सोलता सोलता सांगितलंस. रडली नाहीस. मी रडायला लागले तर म्हणालीस, "सालं जाड नको काढू, अर्धा बटाटा चालला."

सिनेमातही तू बटाट्यांमुळेच गेलीस. आईबरोबर चालत चालत पश्चिमेला आलेली पोरसवदा मुलगी, आणि स्टुडिओत गर्दीत उभं राहिलं की दुपारी गरम सूप मिळायचं. कॅमेऱ्याला तुझा चेहरा आवडला. पुढच्या वर्षी तू डोंगरातल्या गावची गोड मुलगी झालीस, हिरवा झगा, वेणी, हातात दुधाची चरवी. सगळं जमलं. मग तुला पहिलं वाक्य दिलं आणि तू ते बोललीस. निर्माता म्हणाला, पोरगी छान आहे, पण तोंड उघडलं की निर्वासितांची छावणी दिसते. लोक पैसे देऊन सिनेमाला येतात ते छावणी विसरायला. म्हणून आवाज इंगेचा.

हे तुला कोणी सांगितलंच नाही, ही त्यातली कमाल. तुला कळलं ते पहिल्या खेळाला, थिएटरात, शेजारी आई बसलेली असताना. पडद्यावर तू तोंड उघडलंस आणि दुसरीच बाई बोलली. तुझी आई घाबरून तुझा हात धरून म्हणाली, "एर्ना, तुले तवा बरं नव्हतं काय?" हे सांगताना तू दर वेळी हसायचीस. मला एकदाही हसू आलं नाही आणि त्यावरून तू मला दर वेळी म्हणायचीस की तुम्हा पुस्तकवाल्यांना विनोद कळत नाही.

मग रांगच लागली. डोंगरातली मुलगी, डॉक्टरच्या प्रेमात पडलेली नर्स, हॉटेलमालकाची हट्टी लेक, आणि शेवटी तो सिंगापूरचा सिनेमा. हॅम्बुर्गच्या स्टुडिओत प्लायवुडचं सिंगापूर उभं केलेलं, नदीचं पाणी आत आणलेलं, आणि तू चिनी झगा घालून, डोळ्यांचे कोपरे चिकटपट्टीने ओढून, बंदरावरच्या बारमध्ये गातेयस. म्हणजे ओठ हलवतेयस. त्यावरून मी तुझ्याशी किती भांडले! म्हटलं, तुला लाज नाही वाटली? लिम अंकलच्या नात्यातल्या बायकांसमोर तो सिनेमा लावशील का? तर तू म्हणतेस, "माह्या तोंडात दुसरीचा आवाज, माह्या डोयात दुसरीचे डोये. मी त्यात होती कुठं, तं मले लाज वाटन?" आणि वर तक्रार काय, तर खरं सिंगापूर त्या प्लायवुडच्या सिंगापूरइतकं चांगलं दिसत नाही, इथे धुकं नाही! विषुववृत्तावर धुकं मागणाऱ्या बाईशी भांडायचं तरी कसं?

हे भांडण अर्धवटच राहिलं. माझं म्हणणं अजून तेच आहे. तू 'नाही' म्हणू शकली असतीस. आणि तुझं म्हणणंही ठाऊक आहे, की पोट भरलेल्या माणसाला 'नाही' म्हणायला काय जातं.

साठचं दशक निम्मं सरलं, तुझ्या चेहऱ्याचं वय झालं. म्हणजे किती, तर पस्तिशी. तेव्हा तू काय केलंस? सरळ जाऊन डबिंगच्या स्टुडिओत उभी राहिलीस. दातात बाटलीचं बूच धरून तासन्‌तास उच्चार घोटलेस, आपली बोली खरवडून काढलीस आणि इटालियन, फ्रेंच, अमेरिकन नट्यांच्या तोंडात जर्मन भरायला लागलीस. सिनेमाच्या पट्टीचे छोटे तुकडे अंधारात पुन्हा पुन्हा फिरायचे, तू त्यांच्या ओठांवर नजर ठेवायचीस, ओठ मिटले की तुझे मिटायचे. आधी तुझा चेहरा आणि दुसरीचा आवाज, मग तुझा आवाज आणि दुसरीचा चेहरा. तोसुद्धा तुझा कुठला, घोटून गुळगुळीत केलेला. सून झाली तेव्हा सासूचा जाच, सासू झाली तेव्हा सुनेचा, अशी तुझी गत. मी हे म्हटलं तर तू अर्थ समजावून घेतलास आणि खूश होऊन मासेवालीला सांगायला निघालीस.

आता ती गोष्ट, जिच्यावरून मी तुला चहा न देता घरी पाठवलं होतं. मी नागपूरहून पुण्याला शिकायला गेले तेव्हा होस्टेलच्या खोलीत पहिल्याच संध्याकाळी सहज म्हणाले, "काय करून राहिली?" सगळी खोली हसली. तशा वाईट नव्हत्या त्या मुली, नुसत्या हसल्या. मी मग फारसं बोलायचंच सोडलं, आणि बोलायला लागले ती पेठेतल्या मुलीसारखी. इतकी की आता मी नागपूरला गेले की आई शेजारणीला म्हणते, पुण्याची पाहुणी आली. हे मी तुला कधी सांगितलं नव्हतं. कोणालाच नव्हतं. तू माझ्या स्वयंपाकघरात बसली होतीस, मी आईशी फोनवर बोलत होते, आणि आईचा आवाज नेहमीसारखा फोनमधून बाहेर ऐकू येत होता. फोन ठेवल्यावर तू म्हणालीस, "ते तुही माय होय ना? मंग तुमी दोघी अलग अलग भाषा काहून बोलता?"

मी म्हटलं, तुला मराठीचं एक अक्षर कळत नाही. तू म्हणालीस, "कोनाचं तोंड आनि कोनाचा आवाज जुळत नाई, हे पाहून पाहून पोट भरलं मी. तुह्या तोंडात कोन बोलून राहिलं वं?"

अशी चीड आली मला. अगं, चार लोकांत हसं होऊ नये म्हणून माणूस काही गोष्टी करतो. त्यावर नोकरी मिळाली, इथवर आले. तुझ्यावर झाला तो जुलूम, मी केलं ते शहाणपण, असं मी तुला ठणकावून सांगितलं. तू आमच्या भिंतीवरच्या निळ्या कोटातल्या फोटोकडे बोट दाखवलंस. ते कोण, काय, हे सगळं तुला मी आधीच समजावलं होतं, चौदा एप्रिलला ब्लॉकखालच्या मोकळ्या जागेत आम्ही जमलो तेव्हा तू पहिल्या रांगेत खुर्ची टाकून बसली होतीस आणि दोन वाट्या खीर संपवली होतीस. तू विचारलंस, "यायले कोनी आवाज बदलवा म्हनलं नसन काय?" मी म्हटलं, म्हणाले असतील, त्यांनी ऐकलं नाही. तू नुसती "हं" म्हणालीस. त्या "हं"वरूनच मी तुला उठवलं. दुसऱ्या दिवशी तू बटाट्याची भाकरीसारखी धिरडी घेऊन दारात हजर, जणू काही झालंच नाही. मीही मग गप्प खाल्ली. चांगली झाली होती.

माझ्या लेकीवरून, मैत्रीवरून, तर आपली रोजचीच खडाखडी. तिने शाळेत तिसरी भाषा म्हणून जर्मन घेतलं आणि तू परस्पर जाहीर करून टाकलंस की तिला तू शिकवणार. दर बुधवारी शाळेतून ती थेट तुझ्याकडे. मला वाटलं, आयतीच शिकवणी. नट्यांच्या तोंडी शुद्ध जर्मन घालणारी बाई, आणखी काय हवं? पण तुझ्या स्वयंपाकघरात ते शुद्ध जर्मन कुठून येणार? पोरगी घरी आली ती तुझ्यासारखा 'र' वाजवत. तुझेच रुंद स्वर, तुझेच लाडाचे शब्द, तुझ्याच शिव्या. मी रात्रीच्या जेवणाला बसले की तिला सुधारायची. पुन्हा म्हण. नाही, तसं नाही, पुन्हा म्हण. ती म्हणायची, "बट ओमा सेज लाइक दिस, व्हॉट!" ओमा म्हणजे आजी, तेही तूच शिकवलेलं.

तुला येऊन सांगितलं की तिचे मार्क जातील, तर म्हणे, "जाऊ दे. मार्कायले काय चाटाचं हाय?" मी म्हटलं, तुला नीट बोलता येतं, तुला त्याचे पैसे मिळायचे, मग पोरीला ते का शिकवत नाहीस? तू सोललेला बटाटा पाण्यात टाकलास. मग म्हणालीस, "ते मले येते. पन ते माहं नोय. दुसऱ्याचं उचलून पोट्टीले कसं देऊ?" मी उठून आले. नळी फुंकली सोनारे, इकडून तिकडे गेले वारे.

आणि इतकं सगळं बोलणाऱ्या बाईने शेवटी माझी काय दशा केली ते सांगते. तुझ्याकडच्या एका सिनेमा संग्रहालयाने मला ईमेल पाठवली. तुझी मुलाखत हवी, चेहरा आणि आवाज दोन्ही, जुन्या नट्या एकेक करून चालल्या आहेत. मी आनंदाने नाचायची बाकी होते. आता इंगेचा हिशेब चुकता होणार! मिलिंदचा व्हिडिओ कॅमेरा घेतला, तिवई घेतली, आले. पहिल्या दिवशी तुझे केस नीट नव्हते. दुसऱ्या वेळी उजेड चुकीचा. मग दात. मग म्हणे खिडकीतून पलीकडच्या ब्लॉकचे वाळत घातलेले कपडे दिसतात. नाचता येईना अंगण वाकडं. शेवटी एकदाची बसलीस. मी बटण दाबलं, कॅमेऱ्यावरचा लाल दिवा लागला, आणि तू बोलायला लागलीस, "युद्धोत्तर काळातील चित्रपटसृष्टीत माझा प्रवेश हा निव्वळ योगायोग म्हणावा लागेल."

मी डोकं वर काढून बघितलं की बोलतंय कोण. स्टुडिओतली ती घोटलेली बाई बोलत होती. तुझ्या चेहऱ्यातून. मी कॅमेरा बंद केला. तू म्हणालीस, "झालं काय वं? पाय आखडले माहे." मी चालू केला, "त्या दिवसांतील सहकलाकारांविषयी मला नितांत आदर आहे." बंद केला, "ते इंगे मेली काय कुठं, पाह्य बरं इंटरनेटवर." चालू केला की ती, बंद केला की तू! एकदा मी कॅमेरा तांदळाच्या डब्यामागे लपवला आणि तुला बटाटे सोलायला बसवलं. दिवासुद्धा झाकला चिकटपट्टीने. तू दारातून आत आलीस, क्षणभर थांबलीस, आणि तुझी डावी बाजू, चांगली बाजू, आपोआप तांदळाच्या डब्याकडे वळली. "आज हवा किती प्रसन्न आहे," तू म्हणालीस.

मी ओरडले तुझ्यावर. हो, ओरडलेच. म्हटलं, पन्नास वर्षं कुरकुरतेस की आवाज हिरावला, आता द्यायला दारात आलेत तर तू त्यांना ती उसनी बाई देतेस? तू गेलीस की तुझा आवाज नाहीसा होईल आणि इंगे उरेल, कळतंय का तुला? तू सुरी खाली ठेवलीस. इंगेचं नाव निघालं होतं म्हणून नाही, माझं मनगट धरायला. म्हणालीस, "देत नाई असं नाई वं पोट्टे. तो येतच नाई. दिवा पाह्यला का पळते."

तेव्हा मी तुला जवळ घ्यायला हवं होतं की नाही, हे मला अजून ठरवता येत नाही. मी तिवई आवरली आणि म्हटलं, पुढच्या रविवारी पुन्हा बघू. पुढच्या रविवारी तुला ताप होता. मग छातीत कफ, मग हॉस्पिटल. तिथल्या त्या नर्सला तू काय काय बोलत होतीस, आणि मी उभी राहून त्याचं भाषांतर करत होते, "त्या म्हणतायत की उशी जरा वर हवी." तुला कळत होतं मी काय करतेय ते. तू डोळे मिटून हसलीस. त्यानंतर तू बोललीसच नाहीस कोणाशी. टेपवर तुझी ती भाषणं आहेत, स्वच्छ, शुद्ध, एकही अक्षर तुझं नसलेली. मी ती संग्रहालयाला पाठवलेली नाहीत. त्यांनी पुन्हा विचारलंय. काय पाठवू?

म्हणून मंडाईत ते गाणं वाजलं तेव्हा मला उठून उभं राहावंसं वाटत होतं. रेमंड म्हणालासुद्धा, आँटी, यू न्यू मा बेस्ट, कम से समथिंग. मी पुढे गेले. समोर तो पन्नाशीचा माणूस, लहान मुलासारखं नाक ओढत उभा, त्याला वाटतंय की आज त्याला आईचा तरुणपणीचा आवाज सापडला. त्याला काय सांगू, की बाबा रे, ही तिची वैरीण? मी तुझ्याबद्दल दोन बरे शब्द बोलले, इंग्लिशमध्ये, आणि खाली येऊन बसले. तू असतीस तर म्हणाली असतीस, पाह्य, आता कळलं 'नाही' का म्हणता येत नाही ते. नको म्हणूस. मला कळलंय. एकटं वाटतं गं फार. दुपारच्या चहाला अजून मी दोन कप काढते आणि स्वतःवरच वैतागते. या परक्या गावात मला कोणी ऐकून ओळखलं असेल तर ते तू, एका अक्षराचा अर्थ न कळता. त्याचे आभार मी मानले नाहीत, कारण तू कधी वादातून सवडच दिली नाहीस.

काल मैत्रीची जर्मनची तोंडी परीक्षा झाली. मी धास्तावूनच होते. ती घरी आली, दप्तर फेकलं, मी स्वयंपाकघरात ओट्याशी कणीक मळत होते. बाहेर मिलिंद नुकताच ऑफिसातून येऊन पेपर घेऊन बसला होता. विचारलं, कशी झाली? "ओके लाह," ती म्हणाली. "बट दॅट एक्झॅमिनर हाफवे स्टॉप मी. आस्क मी, इज दिस युअर इंडियन अॅक्सेंट?"

माझे हात कणकेत थांबले. म्हटलं, मग तू काय म्हणालीस?

तर तिने मला ते करूनच दाखवलं. परीक्षेत बोलली तसंच, माझ्या पाठीमागे उभी राहून, जर्मनमध्ये, मोठ्याने. "नाई बाई, इंडियन नोय. माह्या आजीचं होय हे. तिच्याकडं असंच बोलतात."

आणि बाहेरून मिलिंदने हाक मारली, ज्याला जर्मनचा एक शब्द कळत नाही त्या मिलिंदने, पेपरातून मान वर न काढता, सवयीने, "मावशी आल्या का गं? त्यांचाही चहा टाक."

मग बाहेर पेपरचाही आवाज येईना.  मी मागे वळले नाही. मला वळायचं नव्हतं.

"पुन्हा म्हण," मी म्हटलं.

मैत्री वैतागली. "व्हाय? व्हिच पार्ट राँग?"

"काई नाई चुकलं वं पोट्टे," मी म्हटलं. "बोल."